अनशीबायचा अंगठा

आमच्या मराठीत अंगठ्याला फारशी इज्जत नाही. ज्याला लिहितावाचता येत नाही तो अंगठेबहाद्दर, आणि ज्याने ऐनवेळी फसवलं त्याने अंगठा दाखवला. कोर्टाच्या कागदावर सहीच्या जागी 'निशाणी डावा अंगठा' असं दिसलं की कालपरवा सनद घेतलेला वकीलसुद्धा समोरच्या माणसाकडे जरा वरूनच बघतो. मीही बघत असे. अठ्ठ्याण्णव साली मी रत्नागिरीत अण्णांच्या हाताखाली वकिली शिकायला लागले तेव्हा मला माझ्या वळणदार अक्षराचा भारी गर्व होता. तो उतरवला बुरोंडीच्या एका कोळणीने. कागदोपत्री तिचं नाव अनसूया. सारं गाव तिला अनशीबाय म्हणे.

मी तिला पहिल्यांदा पाहिलं ते जिल्हा कोर्टाच्या व्हरांड्यात, पट्टेवाल्याशी भांडताना. मिरकरवाड्यातल्या नातेवाइकांसाठी तिने सुके बोंबील आणले होते आणि ती पिशवी कोर्टात न्यायला पट्टेवाल्याची हरकत होती.

"सायबांना वास येतो," तो म्हणाला.

"सायबांना म्हनावं नाक घरी ठेवून या. मी बुरोंडीतनं पाच तास यष्टीत बसून आलंय. पिशवी हितं ठेवली तर तू खाशील."

मी पुढे होऊन म्हटलं, "तुम्ही द्या माझ्याकडे ती पिशवी." तिने मागे वळून बघितलं.

"तुमी कोनाला म्हन्तंस? माज्या मागं कोन उभं हाय काय? मला तू म्हन. माईला पन मी तूच म्हनायची."

तेव्हापासून मी तिला तू म्हणत आले. ती पिशवी मात्र दिवसभर माझ्या काळ्या कोटाखाली होती आणि पुढचे चार दिवस त्या कोटाला सुक्या बोंबलांचा वास येत होता.

ती जिला तू म्हणायची, त्या माईंमुळेच ती कोर्टात आली होती. माई बुरोंडीतल्या निपुत्रिक विधवा. वडिलांच्या मागे वारसाने मिळालेलं घर आणि मागची थोडी आंब्याची कलमं एवढंच त्यांचं जग. भावाची मुलगी शालन नवऱ्याने टाकलेली, ती माईंकडेच राहिली. आंबापोळ्या आणि कोकमं करून विकायची, आणि शेवटी अंथरुणाला खिळलेल्या माईंचं सगळं तिनेच केलं. शालनचा भाऊ मुंबईला नोकरीत. शालनच्या डोक्यावरचं छप्पर कुणी काढू नये म्हणून माईंनी सगळं तिच्या नावाने लिहून ठेवलं. मृत्युपत्र लिहिलं गावातल्या निवृत्त हेडमास्तरांनी. साक्षीदार दोन: एक हेडमास्तर, दुसरी अनशीबाय.

मासळी विकणारी साक्षीदार कशी, असं कुणालाही वाटेल, कारण माईंच्या घरात मासा शिजतही नव्हता. पण अनशीबाय रोज गावातून फिरताना माईंच्या अंगणाच्या दगडी गडग्यावर पाटी उतरवायची, हातपाय धुऊन पायरीवर बसायची आणि तांब्याभर पाणी प्यायची. वीस वर्षं हा नेम. माईंनी तिला स्पष्ट सांगितलं होतं, नात्यातलं कुणी साक्षीला नको, उद्या लोक बोट दाखवतील. तुझं-माझं ना घेणं ना देणं, म्हणून तू.

पुढे वर्षभरात माई गेल्या, आणि इथेच शालन चुकली. आम्ही वकील तरी तिला चूकच म्हणायचो. तिने तो कागद बाहेर काढलाच नाही. सातबाऱ्यावर वारस म्हणून तिचं आणि भावाचं नाव लागलं, ते तिने लागू दिलं. भाऊ दर वर्षी गणपतीला बायकामुलांसह यायचा, आठ-दहा दिवस राहायचा, आरत्या म्हणायचा. आठ वर्षं असं चाललं. मग समुद्राकाठच्या जागा बघत एक हॉटेलवाला आला, भावाने परस्पर त्याला होकार दिला आणि शालनला पत्र पाठवलं, की सामान आवरायला घे. तेव्हा कुठे तिने कागद काढला आणि ती अण्णांकडे आली.

अण्णांनी कागद वाचला आणि कपाळाला हात लावला. "मुली, आठ वर्षं? कायद्यात उशिरासारखा साक्षीदार नाही. तो नेहमी समोरच्याच्या बाजूने बोलतो."

मृत्युपत्र शाबीत करायचं तर दोन साक्षीदारांतल्या निदान एकाने कोर्टात उभं राहून सांगावं लागतं, की करणाऱ्याने माझ्यासमोर सही केली आणि त्याच्यासमोर मी केली. आमच्याकडे दोन साक्षीदार होते. अण्णांचा भरवसा अर्थातच हेडमास्तरांवर. शुद्ध बोलणारा, पांढऱ्या टोपीचा माणूस. अनशीबायला ते नुसतं बसवून ठेवायचे. "लागलीच तर," असं म्हणायचे.

पण तारखा पडत गेल्या. भावाचे वकील मुंबईहून यायचे, फार गोड बोलायचे, आणि त्याहून गोड शब्दांत मुदत मागायचे. एकदा त्यांच्या अशिलाला ताप, एकदा कागद मिळाले नाहीत. एकदा न्यायाधीशांचीच बदली झाली. प्रत्येक वेळी अनशीबाय पहाटेची पहिली एसटी धरून दापोली, खेड, चिपळूण करत यायची आणि दुपारी पुकारा झाला की पाच मिनिटांत पुढची तारीख घेऊन परत जायची. ती कधी कुरकुरली नाही, उलट जाताना त्या वकिलांना गाठून सांगायची, "सायब, फुडच्या तारखंला पन मी हाय." ते हसून मान डोलवायचे.

वाट बघताना ती एसटीच्या तिकिटामागे आपलं नाव लिहीत बसायची. मधल्या वर्षांत गावात साक्षरतेचे वर्ग निघाले होते आणि साठीच्या पुढची अनशीबाय तिथे सही शिकली होती. शिकवायला होती शालन. 'अनसुया' असं ती लिहायची, सु ऱ्हस्व. मी एकदा माझा शहाणपणा दाखवला, की तो सू दीर्घ पाहिजे.

"म्हंजे काय करायचं?"

"खालची शेपटी उलटी वळवायची."

तिने तिकीट उलटसुलट करून बघितलं. "नको. हाय ती शेपटी बरी हाय. आता कुटं वळवत बसू?" आणि ऱ्हस्वच लिहीत राहिली.

दुसऱ्या वर्षाच्या पावसाळ्यात हेडमास्तर वारले. बातमी घेऊन शालन आली ती रडतच.  पुढच्या तारखेला समोरच्या वकिलांनी कोर्टात दुःख व्यक्त केलं, अगदी मनापासून वाटावं असं. बाहेर आल्यावर त्यांनी अनशीबायला विचारलं, "आजी, तब्येत कशी आहे? एवढा प्रवास झेपतो का?"

मला त्या प्रश्नाची चीड आली. तिला आली नाही. ती कमरेवर हात ठेवून म्हणाली, "झेपतो. आनि आयका, साक्ष दिल्याबिगर मी मरायची नाय. तुमी वर अर्ज केलात तरी तितं पन तारीखच पडंल."

ही नुसती बढाई नव्हती. त्या दिवसापासून तिने जगण्याचं काम अंगावर घेतलं. डोळ्यात मोतीबिंदू होता, लेकीने दोन वर्षं मागे लागूनही काढला नव्हता, तो दापोलीला जाऊन काढून आली. जड पाटी उचलायची सोडली, हलकी केली. तंबाखूची मिश्री लावायची, ती बंद केली. तेवढं मात्र तिला फार जड गेलं. "कोर्टानं माजी मिश्री खाल्ली," असं ती येईल त्याला सांगायची. जावई लोट्याच्या रसायनांच्या कंपनीत, लेक तिकडे राहायला बोलवत होती, तर म्हणाली, तिकडची हवा वाईट, केस संपल्यावर येते.

आता सगळा भार तिच्यावर होता आणि अण्णांना झोप येईना, कारण मूळ कागदावर एक भानगड होती. हेडमास्तरांनी शाळेतला जांभळ्या शाईचा पॅड आणला होता, त्यावर अनशीबायने अंगठा उठवला होता. त्या जांभळ्या ठशात, मधोमध, मसुरीच्या डाळीएवढा एक कोरा गोल होता. शाईच नाही.

"हे काय असेल?" मी विचारलं.

"माहीत नाही. आणि त्यांच्या लक्षात आलं नाही तर फार बरं."

"तिलाच विचारू या?"

"नको," अण्णा म्हणाले. "तेरा वर्षांपूर्वीचं तिला आठवलं नाही, तर आत्ताच हरलो. न विचारता निदान आशा तरी राहते." एवढे मुरलेले वकील, पण त्या डाळीएवढ्या गोलाला घाबरले. मीही घाबरले.

चौथ्या वर्षी साक्ष उभी राहिली. नवे न्यायाधीश घाटावरचे, कोल्हापूरकडचे, शांत. शिरस्तेदाराने शपथ सांगितली, 'ईश्वरसाक्ष खरं सांगेन.' तिने म्हटली आणि पुढे जोडलं, "ईश्वर नसता तरी खरंच सांगितलं असतं." न्यायाधीशांनी मान खाली घातली. हसले असावेत.

अण्णांचे प्रश्न दहा मिनिटांत संपले. मग मुंबईचे वकील उठले.

"आजी, तुम्हाला सही करता येते?"

"येते."

"मग कागदावर अंगठा कसा?"

"तवा येत नव्हती."

"शिकवली कोणी?"

"शालननं."

ते न्यायाधीशांकडे वळून नुसतं हसले. मग त्यांनी तज्ज्ञाचा अहवाल पुढे केला. कोर्टाच्या हुकमाने तिच्या अंगठ्याचा ताजा ठसा घेऊन तपासायला पाठवला होता आणि उत्तर आलं होतं, की मत देता येत नाही. आयुष्यभर मासळी कापून, मिठात आणि बर्फात हात घालून तिच्या अंगठ्यावरच्या रेघा झिजून गेल्या होत्या. नव्या ठशात नुसता शाईचा डाग.

"तुमच्या अंगठ्याला रेघाच नाहीत. मग कागदावरचा अंगठा तुमचा कशावरून?"

तिने अंगठा डोळ्यांजवळ धरून बघितला. "तेरा वर्सांपूर्वी व्हत्या. तवाच बोलवायचं व्हतं. तुमी चार वर्सं तारखा घेतल्यात, तवर मी काय हात बांधून बसू? आनि सायब, मला अक्षर उशिरा आलं म्हनून माजा आंगठा खोटा व्हत नाय."

"विचारलं तेवढंच सांगा," न्यायाधीश म्हणाले, पण आवाज चढा नव्हता.

"बरं," वकील म्हणाले, "तुम्हाला वाचता येत नव्हतं. म्हणजे कागदात काय लिहिलंय ते तुम्हाला माहीतच नव्हतं."

"नव्हतं. मी कागदाची साक्षीदार नाय. माईच्या हाताची साक्षीदार. तिनं माज्याम्होरं सही क्येली, हात कापत नव्हता. ता मी सांगतंय."

अण्णांनी टेबलाखाली माझ्या पायावर पाय दिला. मृत्युपत्राच्या साक्षीवर मी परीक्षेत तीन पानं लिहिली होती, त्या सगळ्याचं सार या बाईने दोन वाक्यांत सांगितलं होतं.

मुंबईचे वकील तिथे थांबले असते तर कदाचित त्यांचं निभावलं असतं. पण त्यांनी मूळ कागद हातात घेतला आणि तो गोल बोटाने दाखवला.  अण्णांनी डोळे मिटले.

"हा बघा. अंगठ्याच्या मधोमध कोरा गोल. माणसाच्या अंगठ्याला असं भोक असतं का? हा ठसा अंगठ्याचा नाहीच. कशाने तरी उठवलेला आहे. सांगा, काय आहे हे?"

अनशीबायने कागदाकडे वाकून बघितलं, आणि तोंडाला पदर लावून हसायलाच लागली. तिला आवरेना. न्यायाधीशांनी पाणी द्यायला सांगितलं.

"खवला हाय तो, सायब! तांबोशीचा खवला. त्या दिशी पाटीत तांबोशी व्हती. माईनं मला राख देऊन हात धुवायला लावले, तिचं घर सोवळ्याचं. धुतले. तरी एक खवला आंगठ्याला चिकटून रायला, त्येच्यावर शाई धरली नाय. आंगठा उठवला नि बगते तर मधी कोरा. माई कसली रागावली! 'अगो, मासा लावलास माझ्या कागदाला!' मी म्हटलं, दुसरा कागद करा. मास्तर म्हनाले, कोन सगळं परत लिवनार? तर माई हसली. म्हनाली, राहू दे गो, तुझीच खूण ती."

 न्यायाधीशांनी शिरस्तेदाराकडून भिंग मागवलं आणि कागद खिडकीच्या उजेडात धरला. बराच वेळ बघत होते. मग त्यांनी विचारलं, "तांबोशी म्हणजे?"

"लाल मासा असतो. तुमच्या घाटावर नाय मिळायचा," ती म्हणाली. न्यायाधीशांनी 'तांबोशी' हा शब्द जसाच्या तसा लिहून घ्यायला सांगितला.

वकील आता गोड राहिले नव्हते. आवाज चढवून म्हणाले, "एवढा खरा कागद होता तर आठ वर्षं कुठे होता?"

अण्णा हरकत घ्यायला उठले, की हा प्रश्न साक्षीदाराला लागू नाही. पण तिला कोण अडवणार?

"गनपतीच्या टरंकेत व्हता. मखराचे कागद नि झालरी असतात ना, त्येच्या खाली. माईनंच ठेवला." तिने हात लांब करून मागच्या बाकावरच्या भावाकडे बोट केलं. "ही टरंक दर साली माळ्यावरनं कोन उतरवायचा? ह्यो. स्वताच्या हातानं. शालन बगत उभी असायची. कागद काढला असता तर घराचे दोन वाटे नि गनपतीचे पन दोन झाले असते. म्हनून ती गप बसली. ह्येला तुमी उशीर म्हन्ताय. आमच्याकडं ह्येला भावाला सांबाळनं म्हन्तात."

भाऊ आपल्या बुटांकडे बघत होता. शालन बाहेर निघून गेली. माझ्या डोळ्यांत पाणी आलं आणि मी ते पुसलं नाही, पुसलं असतं तर दिसलं असतं.

जबाब टाइप होऊन आला. शिरस्तेदाराने तिच्यापुढे पेनही ठेवलं आणि शाईचा पॅडही. "आजी, सही करता की अंगठा?"

तिने सावकाश सही केली. 'अनसुया', ऱ्हस्व. मग डावा अंगठा पॅडवर दाबला आणि सहीच्या शेजारी उठवला. "दोन्ही माजीच," ती म्हणाली. असा जबाब मी नंतर कधी पाहिला नाही.

निकाल आणखी चार-पाच महिन्यांनी लागला. मृत्युपत्र शाबीत झालं. न्यायाधीशांनी लिहिलं होतं, की उशिराने संशय येतो, पण उशिराचं कारण पटलं की संशय जातो, आणि इथलं कारण त्यांना पटलं होतं. खवल्यावर एक अख्खा परिच्छेद होता. शालनचं घर राहिलं. भाऊ मात्र अपिलात जाणार, असं त्याच दिवशी कळलं.

अण्णा म्हणाले, अनशीबायला तूच जाऊन सांग. मी बुरोंडीला गेले तर ती हर्ण्याला गेली होती, लिलावाला. मिश्री परत सुरू झाली होती, हे मला माहेरी आलेल्या तिच्या लेकीने दारातच सांगितलं. हर्ण्याच्या वाळूत संध्याकाळचा लिलाव रंगला होता, होड्यांतून टोपल्या उतरत होत्या, आणि त्या कोलाहलात सगळ्यांत वरचा आवाज तिचा होता. मी तिला बाजूला ओढून निकाल सांगितला. तिने दोन्ही हात जोडले, कुणाला ते कळलं नाही. माईंना असावेत.

"पण भाऊ अपील करणार आहे," मी म्हटलं. "वर्षं लागतील."

तिने मिश्रीची डबी कनवटीतून काढली आणि हताशपणे तिच्याकडे बघितलं. "म्हंजे परत बंद?"

"नाही गं. आता तुला यायचं नाही. अपिलात साक्षी होत नाहीत, कागद बघतात. तू बोललीस ते सगळं कागदावर आलंय. आता तुझ्यावाचून काही अडत नाही."

मी हे तिला बरं वाटावं म्हणून सांगितलं. तिचा चेहरा बघून कळलं, की चुकलं.

"म्हंजे आता मी मेले तरी चालंल?"

"तसं नाही, पण..."

"चालंल का नाय, ता सांग."

"चालेल," मी म्हटलं.

"मग आता तर मी मुद्दाम जगतंय." तिने मिश्रीची चिमूट दाताला लावली. "त्या वकिलाला सांग, फुकट जगतंय. कोर्टाच्या कामाशिवाय."

आणि मुंबई ज्या बाजूला असेल असं तिला वाटलं, त्या बाजूला तिने डावा अंगठा नाचवून दाखवला. झिजलेला, गुळगुळीत, एकही रेघ नसलेला. मग लुगडं खोचून ती टोपल्यांच्या गर्दीत शिरली आणि माझ्याकडे पाठ करून तिने पुढची बोली लावली.